तंबोऱ्यावर काळ सैल कसा करायचा

तंबोरा जुळवायची घाई असलेल्याला मी विलंबित, म्हणजे संथ लयीतलं गाणं, शिकवतच नाही. सुराने काळ ताणता येतो, हे पहिल्यांदा कळतं ते तार मिळवताना. गाता येत नसलं तरी हे जमतं, फक्त कान हवा.

वेळ पहाटेची निवडा. सदाशिव पेठेत राहत असाल तर दुचाक्या सुरू व्हायच्या आत बसा आणि पंखा बंद ठेवा. त्याच्या घरघरीत आपल्याला हवी ती गोष्ट बुडून जाते.

आता जोडीच्या, म्हणजे मधल्या एकाच सुरातल्या, दोन तारा घ्या. कडेच्या पंचम (प) आणि खर्ज (खालचा सा) नंतर बघू. पहिली तार पेटीच्या षड्जाला, म्हणजे ‘सा’ला, मिळवा, दुसरी मुद्दाम किंचित उतरलेली ठेवा. दोन्ही लागोपाठ छेडा. आवाज सलग येणार नाही, तो मोठा-लहान, मोठा-लहान असा डोलेल. शाळेच्या पुस्तकात यालाच विस्पंद म्हणतात. एक तार सेकंदाला १३३ वेळा कंप पावत असेल आणि दुसरी १३० वेळा, तर सेकंदाला तीन डोल. आता दुसऱ्या तारेत ओवलेला मणी नखाने केसभर सरकवा. डोल जलद झाला तर उलट दिशेला न्या. फरक एका कंपनावर आला की सेकंदाला एक डोल, अर्ध्यावर आला की दोन सेकंदांना एक. तो आणखी लांबत जातो आणि पुढचा डोल येईपर्यंत तुमचा श्वास आपोआप अडतो. तिथे थांबा, मणी सोडा आणि नुसतं ऐका. हे दोन तारांचं घड्याळ तुमच्या बोटाखाली मंद झालंय. त्या क्षणाइतकं सुंदर मला दुसरं काही माहीत नाही.

मग जवारी, म्हणजे तारेचा गुंजता नाद. घोडीवर, म्हणजे तारा जिच्यावरून जातात त्या पट्टीवर, तारेखालचा दोरा जरा जरा सरकवत राहा. खर्जाच्या तारेतून गंधार (ग) आपोआप उमटू लागला की दोरा जागेवर बसला. पुण्यात हा ध्यास जुना आहे. अब्दुल करीम खाँसाहेबांनी १९१३ साली इथे आर्य संगीत विद्यालय काढलं, आणि त्यांच्या किराणा घराण्यात सुराइतकं दुसऱ्या कशालाच महत्त्व नाही.

आता ठेका. तबल्याच्या अ‍ॅपवर विलंबित एकताल लावा आणि बारा मात्रांचं आवर्तन, म्हणजे तालाची एक फेरी, ४८ सेकंदांचं ठेवा. म्हणजे मात्रा चार सेकंदांची. एवढी लांब मात्रा मनात अखंड धरवत नाही, म्हणून तिचे चार भाग करून बोटांवर मोजा. काही आवर्तनं गेली की मोजणं सोडा आणि नुसती समेची, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेची, वाट पाहा.

परिणाम तपासायचा असेल तर घड्याळ झाका. पाच मिनिटं झाली असं वाटलं की उघडा आणि खरी वेळ वहीत लिहा. दुसऱ्या दिवशी तेच द्रुत, म्हणजे जलद, तीनतालावर करा. दोन्ही आकडे शेजारी ठेवून बघा, अंदाज कुठे किती चुकतो ते. प्रत्येकाचं वेगळं निघतं.

तंबोरा नसेल तर दोन फोनवर तंबोऱ्याचं अ‍ॅप लावा आणि एकाचा षड्ज अगदी थोडा उतरवा. डोल येईल, पण मणी सरकवण्याची मजा त्यात नाही.

डिसेंबरात पुण्याच्या सवाई गंधर्व महोत्सवाला गेलात तर कलाकार तंबोरे जुळवत असताना चहाला उठू नका. आणि पावसाळ्यात घरी बसलात तर ठेका लावण्याआधी तारा पुन्हा तपासा. दमट हवेत त्या मिळवलेल्या जागी टिकत नाहीत.