जुनी नक्षी ऑनलाइन कशी शोधावी

माझं काम चादरीच्या जॅकार्डसाठी, म्हणजे मागावर नक्षी विणणाऱ्या यंत्रासाठी, चौकटीच्या कागदावर नक्षीचा ग्राफ काढायचं. सोलापूरच्या पूर्व भागात, यंत्रमागांच्या खडखडाटात. गिऱ्हाईक ‘काहीतरी जुनं दाखवा’ म्हणालं की पूर्वी मोबाइलवर येईल ते चित्र दाखवायचो. चित्र झकास असायचं, पण कुठलं, कधीचं, काही पत्ता नाही. त्यापेक्षा संग्रहालयांच्या साइट बघाव्यात.

सुरुवात सरकारी ‘म्युझियम्स ऑफ इंडिया’ पोर्टलपासून करा. दिल्लीचं राष्ट्रीय संग्रहालय, कोलकात्याचं इंडियन म्युझियम, हैदराबादचं सालारजंग तिथं एकत्र चाळता येतात. मग लंडनचं व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट, न्यूयॉर्कचं मेट्रोपॉलिटन. शोध इंग्रजीतच घाला, आणि गावांची स्पेलिंगं जुन्या काळची टाका. सोलापूरसाठी ‘शोलापूर’ टाकून बघाच. गावावरून काही निघालं नाही तर कापडावरून शोधा: पैठणी, हिमरू, तेलिया रुमाल.

तेलिया रुमालाशी जरा थांबतो, कारण आमचे आजे-पणजे तेलंगणातून आलेले. आंध्रातल्या चिरालात आणि तेलंगणातल्या पुट्टपाकात हा होतो. सूत तेलात आणि राखेच्या पाण्यात मुरवायचं, बांधून रंगवायचं, मग विणायचं. म्हणून फोटो उघडला की नक्षीच्या कडेपर्यंत मोठा करा. अस्सल मालात रंगाची कड थोडी फुटलेली, दातेरी दिसते, उभीही आणि आडवीही. कड ब्लेडनं कापल्यासारखी सरळ असेल तर छपाईचा संशय घ्या. मागच्या बाजूचा फोटो असला तर सोडू नका. बांधून रंगवलेल्या विणीत दोन्ही बाजू सारख्या दिसतात, छापलेल्यात बहुधा मागं रंग फिका पडतो.

नमुन्यांचे खंड बघायचे तर जॉन फोर्ब्स वॉटसन हे नाव टाका. १८६६ साली या गृहस्थानं भारतीय कापडांचे ७०० नमुने १८ खंडांत लावले आणि असे २० संच केले. १३ विलायतेत राहिले, ७ इकडे आले. तिथल्या गिरणीवाल्यांनी बघून तसाच माल काढावा आणि आपल्यालाच विकावा, हा हिशेब. वाचून डोकं फिरतं. पण कापडाची लांबी, रुंदी, वजन, कुठून घेतलं, हे त्यानं टिपून ठेवलंय, आणि विणणाऱ्याला तेच लागतं. इंग्लंडमधल्या प्रेस्टनच्या हॅरिस म्युझियमकडचा संच ऑनलाइन बघायला मिळतो.

कुठंही गेलात तरी चित्राआधी नोंद वाचा आणि वस्तूचा क्रमांक वहीत लिहून घ्या. फोटो डाउनलोड करून क्रमांक विसरलात तर पुन्हा सगळा शोध आला. धंद्यासाठी फोटो वापरायचा असेल तर हक्कांची ओळही वाचा: मेट्रोपॉलिटननं २०१७ पासून ‘ओपन ॲक्सेस’ खूण असलेली चित्रं सगळ्यांना मोकळी केली आहेत, लंडनवाल्यांची मात्र धंद्यासाठी वेगळी परवानगी घ्यावी लागते.

रंग स्क्रीनवरून उचलू नका; प्रत्येक मोबाइल वेगळाच लाल दाखवतो. माप मात्र नोंदीतून घ्या. रुंदी ८० सेंटिमीटर दिलीय आणि फोटोत आडव्या १६ बुट्ट्या मोजल्या, तर एक बुट्टी मोकळ्या जागेसकट ५ सेंटिमीटरची पडते. एवढं कळलं की ग्राफाला बसा.