मशरूम राइस मोकळा हवा असेल तर कुकर बाजूला ठेवा

मशरूम राइस गिचका होतो तेव्हा सगळे तांदळाला दोष देतात, पण खरं कारण मशरूम. बटन मशरूममध्ये ९० टक्क्यांच्या वर पाणीच असतं, तांदळासोबत कुकरला लावलं की ते सगळं भातात उतरतं. म्हणून दोन्ही वेगळं करायचं, शेवटी एकत्र आणायचं.

तांदूळ कोलम किंवा बासमती घ्या. पुण्यात घरोघरी इंद्रायणी असतो आणि वरणाबरोबर मलाही तोच लागतो, पण तो चिकट, इथे नको. वाटीभर तांदूळ २० मिनिटं भिजवून भरपूर उकळत्या पाण्यात मीठ घालून शिजवा, दाणा दाबल्यावर आत बारीकशी कणी लागली की चाळणीत ओतून ताटात पसरा. सकाळचा फ्रीजमधला भात असेल तर अजून छान.

मशरूमचं २०० ग्रॅमचं पाकीट मंडईत काय, कोपऱ्यावरच्या भाजीवाल्याकडे काय, कुठेही मिळतं, फक्त चिकट किंवा काळपट झालेलं घेऊ नका. आणि पावसाळ्यात सिंहगडाकडे, मुळशीकडे दिसणाऱ्या कुत्र्याच्या छत्र्या प्लीज तोडून आणू नका, विषारी कुठली ते नुसतं बघून कळत नाही आणि शिजवल्यानं विष जातंच असंही नाही.

मशरूम नळाखाली पटकन धुवून फडक्याने कोरडे करा, जाडसर चिरा, कारण ते खूप आटतात. आता मेन काम. रुंद कढई, गॅस मोठा, दोन चमचे तेल, त्यात मशरूम पसरून टाका आणि मीठ अजिबात घालू नका, मिठाने पाणी लगेच सुटतं. थोड्या वेळाने चर्रचर्र आवाज बसतो, तळाशी पाणी दिसतं, बरेच जण इथेच झालं म्हणून गॅस बंद करतात. थांबा! पाणी पूर्ण आटू द्या, आवाज परत सुरू होतो, कडा तपकिरी होतात आणि खमंग वास सुटतो, खरी चव तिथेच येते. मग चमचाभर बटर, सहा-सात लसूण पाकळ्या बारीक चिरून, लसूण जरा परतली की मीठ आणि भरड मिरी.

भात आणि मूठभर पातीचा कांदा घालून हलक्या हाताने दोन मिनिटं परता, गॅस बंद करून लिंबू पिळा. गरम मसाला नको, मशरूमचा वास मरतो. सोबत टोमॅटोचं सार मस्त लागतं.