जीसीएस घेताना या चुका टाळा

जीसीएस म्हणजे ग्लासगो कोमा स्केल, पेशंट किती शुद्धीत आहे त्याचे डोळे, बोलणं आणि हालचाल बघून दिलेले मार्क. सांगलीत न्यूरोच्या वॉर्डात ड्युटी करते, नवीन सिस्टर आल्या की पहिल्या आठवड्यात त्याच त्या चुका होतात, माझ्यापण झाल्यात.

सगळ्यात कॉमन म्हणजे चार्टवर नुसतं "जीसीएस १२" लिहून मोकळं होणं. अहो पण १२ कसले? डोळे ३, बोलणं ४, हालचाल ५ तरी १२, आणि डोळे ४, बोलणं २, हालचाल ६ तरी १२च! पहिला सुस्त आणि गोंधळलेला, दुसरा टक्क जागा, सांगितलेलं करतोय पण तोंडातून नुसता आवाज, म्हणजे वाचा गेलेली असू शकते. १९७४ साली ग्लासगोच्या टीसडेल आणि जेनेटनी तीन भाग वेगळे ठेवले ते उगाच नाही. आणि घशात श्वासाची ट्यूब असेल तर बोलण्याला १ नको, टी लिहा.

बोलण्याचे मार्क तर आपण फुकट कापतो. जतकडचे एक आजोबा, तारीख विचारली तर गप्प, मी गोंधळलेत म्हणून ४ लिहिले, मग आमच्या मावशी कन्नडमधून बोलल्या तर गाव काय, दवाखाना काय, महिना काय, सगळं बरोबर! भाषा विचारा, कानाला मशीन लागतं का तेपण विचारा.

पेशंटने आपला हात दाबला म्हणून हालचालीला लगेच ६ देऊ नका, तळहाताला काही लागलं की बोटं आपोआप आवळू शकतात. "आता सोडा" म्हणा, सोडला तर खरं. दुखवून बघायचं तर खांद्याचा स्नायू चिमटीत धरा, छातीचं हाड चोळू नका, वळ उठतात. पायाला दाबून पाय आखडला तर तो नुसता मणक्याचा रिफ्लेक्स असू शकतो.

जीसीएससोबत डोळ्यांच्या बाहुल्या बघताना टॉर्च बाजूने आणा. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेली बाहुली वेडीवाकडी असू शकते, आणि ऑर्गॅनोफॉस्फरस फवारणीचं औषध पोटात गेलं की टाचणीएवढी होते, त्यावरचं औषध ॲट्रोपिन चालू झालं की मोठी, म्हणून औषधाचा चार्ट शेजारी पाहिजेच. अचानक सुस्त झाला? शुगर बघा आधी.

आणि रात्री पेशंटचा लेक म्हणतो, "सिस्टर, आत्ताच डोळा लागलाय, राहू द्या की." उठवायचंच. उठून वैतागून म्हणाले "तीन वाजलेत बाई, झोपू द्या", तर वेळेचा प्रश्न विचारायचापण राहत नाही.