लघुपट पाहताना या चुका टाळा

स्वतंत्र लघुपट बहुधा तुटपुंज्या खर्चात, मोजक्या दिव्यांच्या किंवा खिडकीतून येणाऱ्या उजेडात चित्रित झालेला असतो आणि पंधरा-वीस मिनिटांत जे सांगायचे त्यातले बरेचसे तो संवादांवर न सोपवता चित्रातून सांगतो. त्यामुळे चित्राची प्रत घसरली की कथेचाच एखादा धागा हातून सुटतो.

सर्वांत मोठी चूक म्हणजे क्वालिटी 'ऑटो'वर सोडून देणे. नेट मंदावले की प्लेअर आपणहून खालच्या रिझोल्यूशनवर उतरतो. १०८०पी चित्रात सुमारे २०.७ लाख पिक्सेल असतात, तर ३६०पीमध्ये जेमतेम २.३ लाख. त्यातही अंधारी दृश्ये आधी बिघडतात, कारण कॉम्प्रेशनमध्ये, म्हणजे फाइल लहान करण्यासाठी चित्र दाबताना, सावल्यांतले बारकावे सहज गळून पडतात. एका मित्राचा लघुपट मी प्रथम प्रवासात, मोबाइल डेटावर असाच पाहिला. माजघरात आजी पाठमोरी बसलेली होती आणि समोरच्या काळपट भिंतीवर मला केवळ थरथरणारे चौकोन दिसले. घरी तोच प्रसंग १०८०पीवर पाहिला, तेव्हा त्या भिंतीवरच्या खुंटीला टांगलेला सदरा दिसला आणि आजी इतका वेळ कशाकडे पाहत होती ते कळले. मित्राला मी आधीच 'शेवट समजला नाही' असे कळवून बसलो होतो, याचे आजही वाईट वाटते.

म्हणून लघुपट सुरू होताच सेटिंग्जमध्ये जाऊन रिझोल्यूशन स्वतः निवडावे. तरीही चित्र अडखळत असेल, तर राउटरजवळ बसून ५ गिगाहर्ट्‌झचे वाय-फाय वापरावे. यूट्यूबवर नुकताच आलेला लघुपट धूसर दिसला, तर मात्र दोष नेटचा नसतो. वरच्या रिझोल्यूशनच्या प्रती तिथे मागाहून तयार होतात, तेव्हा काही तासांनी पुन्हा पाहावे. व्हॉट्‌सॲपवर साधा व्हिडिओ म्हणून आलेली फाइल दाबली गेलेली असते. त्याऐवजी लिंक मागावी.

टीव्हीवरची चूक वेगळी असते. सेकंदाला २४ फ्रेम्सचे चित्र 'मोशन स्मूदिंग'मुळे मधल्या कृत्रिम फ्रेम्सनी भरले जाते आणि लघुपट मालिकेसारखा गुळगुळीत दिसू लागतो. ते बंद करून 'सिनेमा' किंवा 'फिल्ममेकर' मोड लावावा. वर-खाली काळ्या पट्ट्या दिसतात म्हणून झूमही करू नये, कारण त्यात चौकटीच्या कडा कापल्या जातात.

मूळ प्रतच ४८०पीची असेल, तर मात्र सेटिंग्ज बदलून ती सुधारत नाही. असा जुना लघुपट मोठ्या टीव्हीपेक्षा लॅपटॉपवर पाहावा, तिथे तो अधिक नेटका दिसतो.