अडीच सेकंदांचा गोंगाट: पब्लिक एनिमीच्या पद्धतीने बीट कसा बांधावा

1988 साली न्यूयॉर्कच्या लाँग आयलंडमधल्या पब्लिक एनिमी या रॅप गटाचा 'इट टेक्स अ नेशन ऑफ मिलियन्स टु होल्ड अस बॅक' हा अल्बम आला आणि त्यातल्या 'नेशन ऑफ इस्लाम'चा नेता लुई फराखानच्या उघड पाठराखणीवरून वादाला तोंड फुटलं. पुढच्या वर्षी गटातल्या प्रोफेसर ग्रिफने ज्यूंविरुद्ध केलेल्या विधानांनी त्यात तेल ओतलं. त्या वादावर चिक्कार लिहून झालंय. इथे फक्त तो आवाज, आणि आज एका लॅपटॉपवर तो कसा जमवायचा ते.

त्यांच्या निर्मात्यांच्या चमूचं, बॉम्ब स्क्वाडचं, एक यंत्र होतं ई-म्यू एसपी-1200, म्हणजे आवाजाचे तुकडे टिपून वाजवणारा सॅम्पलर. 12 बिट, सॅम्पल रेट (सेकंदाला घेतलेले आवाजाचे नमुने) 26.04 किलोहर्ट्झ, एकूण स्मृती जेमतेम 10 सेकंदांची, त्यातही एका तुकड्याला फार तर अडीच सेकंद. त्या काळी यावर सर्रास चालणारी युक्ती अशी: 33⅓ फेऱ्यांची तबकडी 45 वर पळवून रेकॉर्ड करायची आणि यंत्रात तेवढीच खाली ओढायची. वेग 1.35 पट, म्हणून अडीच सेकंदांत 3.37 सेकंदांचा माल बसतो. बदल्यात वरचा आवाज कापला जातो. सॅम्पल रेटच्या निम्म्या, म्हणजे 13 किलोहर्ट्झपर्यंत पकडलेलं खाली ओढल्यावर साधारण 9.6 वर संपतं. तो मळकट, खरखरीत पोत इथून येतो.

ऑडॅसिटी या ध्वनिसंपादनाच्या सॉफ्टवेअरमध्ये हेच करायला 'चेंज स्पीड अँड पिच' उघडा. त्यात तबकडीच्या फेऱ्यांचे पर्याय तयार आहेत: आधी 33⅓ वरून 45, मग बिटक्रशर (बिट आणि सॅम्पल रेट घटवणारं) प्लगइन लावून 12 बिट आणि 26 किलोहर्ट्झ, मग 45 वरून 33⅓. सूर मूळ जागी परत येतो, पोत मात्र बदललेला. नुसता सॅम्पल रेट कमी करून काम भागत नाही. सॉफ्टवेअर आधी सभ्यपणे गाळणी लावतं आणि मिळतो तो फक्त दबका आवाज. खरखर हवी असेल तर गाळणी नसलेला बिटक्रशरच पाहिजे.

लय मिनिटाला साधारण 100 ते 110 मात्रांची ठेवा. त्याच अल्बममधलं 'ब्रिंग द नॉइज' 109 च्या आसपास आहे, म्हणजे चार मात्रांचा एक बार 2.2 सेकंदांचा. ड्रमचे दोन थर घ्या, एक जिवंत वाजवलेला आणि एक मशीनचा. दुसरा थर 8 ते 15 मिलीसेकंद मागे सरकवा. एक-दोन मिलीसेकंदांवर ठेवलात तर दोन्ही एकमेकांना खातात आणि किक (ड्रमचा खर्जातला टोला) पोकळ वाजते. 30 च्या पुढे गेलात की दोन टोले वेगळे ऐकू येतात, जणू वाजवणारा चुकलाय. प्रत्येक थर उणे 12 डेसिबलच्या आसपास सुरू करा. सहा-सात थर चढल्यावर मास्टरचा, म्हणजे एकूण आवाजाचा, मीटर लाल व्हायला वेळ लागत नाही.

आता खरी गंमत. याच अल्बममधल्या 'रिबेल विदाउट अ पॉज'मध्ये सायरनसारखी जी किंचाळी अखंड फिरते ती सायरन नाही. द जे.बी.'ज या वाद्यवृंदाच्या 1970 च्या 'द ग्रंट'मधला तो सॅक्सोफोन आहे. एवढ्या कर्कश चीत्काराखाली शब्द मरत नाहीत, कारण गटाचा मुख्य रॅपर चक डीचा आवाज भारदस्त, खर्जाचा आहे. किंचाळी वर, माणूस खाली. तुमच्या रॅपरचा आवाज पातळ असेल तर हीच रचना अंगाशी येते: दोघं 2.5 ते 4 किलोहर्ट्झमध्ये भांडतात आणि च, स, ट, ख आधी गायब होतात. तिथे किंचाळी 4 ते 6 डेसिबल कापा, किंवा ओळ सुरू होताच तिचा आवाज उतरवा आणि ओळींमधल्या फटीत पुन्हा उसळू द्या.

मराठीत करायचं तर सॅक्सोफोन उसना आणायची गरज नाही. सनईचा वरचा सूर ओढून धरलेला, किंवा हलगीचा कडकडाट स्वतः रेकॉर्ड करा. हलगीला माइक तीन-चार फुटांवर ठेवा, जवळ नेला तर पहिल्याच टोल्याला आवाज फाटतो. तुतारीही झकास बसेल, पण 2024 पासून 'तुतारी वाजवणारा माणूस' हे निवडणूक चिन्ह आहे. गाणं कुठल्या पक्षाचं, हे श्रोता पहिल्या फुंकरीतच ठरवून टाकेल.

भाषणाचा तुकडा दीड-दोन सेकंदांचा पुरे. लहर शून्यावर असते तिथे कापा आणि दोन्ही टोकांना 5 मिलीसेकंदांचा फेड द्या, नाहीतर 'टक्' ऐकू येतं. कापल्याने अर्थ बदलतो हे विसरू नका. 'ब्रिंग द नॉइज'च्या सुरुवातीचे कृष्णवर्णीय अमेरिकी नेता माल्कम एक्सचे शब्द 1963 च्या भाषणातले. मूळ वाक्यात तो कॉफीबद्दल बोलतोय: फार काळी, फार कडक झाली की त्यात मलई घालून ती फिकी करतात. कापल्यावर उरली ती थेट घोषणा. तिथे ते मूळ आशयाला धरून आहे. तुमचा काप बोलणाऱ्याच्या तोंडी भलतंच घालत नाही ना, ते पाहा. 2023 च्या एप्रिलमध्ये महाराष्ट्रात दोन रॅपरवर राजकीय गाण्यांवरून गुन्हे दाखल झाले होते, तेव्हा न कापलेलं संपूर्ण भाषण, तारीख आणि ठिकाण प्रोजेक्टच्याच फोल्डरमध्ये जपून ठेवलेलं बरं.

असे डझनभर तुकडे बिनपरवाना घेण्याचे दिवस अमेरिकेत 1991 च्या एका निकालानंतर सरले. भारतात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून 60 वर्षं टिकतो. पण जुनं रेकॉर्डिंग मोकळं झालं म्हणून चाल आणि शब्द मोकळे होत नाहीत, त्यांची 60 वर्षं कर्त्याच्या मृत्यूनंतर मोजतात. भाषण नेत्याचं असलं तरी वाहिनीच्या प्रक्षेपणावर वाहिनीचा वेगळा हक्क असतो.

शेवटी मिक्स मोनो करून फोनच्या स्पीकरवर लावा. किक जवळजवळ ऐकू येणार नाही, ते ठीक आहे. किंचाळी आणि प्रत्येक शब्द ऐकू आला पाहिजे. शब्द हरवत असतील तर गायकाचा आवाज वाढवू नका, एक थर काढून टाका.