पात्रतेचा आदेश पाळला गेला नाही तर अवमान अर्ज कसा करावा

सरकारी नोकरीसाठीच्या पात्रतेच्या वादात उमेदवाराच्या बाजूने निकाल लागतो, आदेशात आठ आठवड्यांची मुदत दिलेली असते, ती उलटून जाते आणि कार्यालयातून ‘प्रकरण विचाराधीन आहे’ एवढेच उत्तर मिळत राहते. अशा वेळी अवमान अर्जाची, म्हणजे न्यायालयाचा आदेश मोडल्याच्या तक्रारीची, घाई करण्याआधी निकालाची प्रमाणित प्रत समोर घ्यावी आणि तिचा अखेरचा, प्रत्यक्ष आदेशाचा भाग शब्दशः वाचावा. आधीच्या परिच्छेदांतील कारणमीमांसा कितीही अनुकूल असली तरी अवमानाच्या सुनावणीत न्यायालय मूळ आदेशात नसलेला नवा लाभ देत नाही.

येथे सगळा भर एका क्रियापदावर असतो. ‘अर्जदारास नियुक्ती द्यावी’ आणि ‘अर्जदाराच्या पात्रतेचा विचार करावा’ ही दोन वाक्ये उमेदवाराला सारखीच वाटतात, परंतु कायद्याच्या दृष्टीने त्यांत मोठे अंतर आहे. दुसऱ्या प्रकारच्या आदेशानंतर विभागाने कारणे देऊन पुन्हा नकार दिला, तर आदेशाचे पालन झाले असे बहुधा मानले जाते. राजस्थानातील एका ज्येष्ठतासूचीच्या वादात, जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या १९९६ च्या निकालात, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की आदेशाला अनुसरून प्रशासनाने निर्णय घेतल्यावर तो चूक की बरोबर याची तपासणी अवमानाच्या कार्यवाहीत होत नाही. तो निर्णय म्हणजे दाद मागण्याचे नवे कारण होय. मात्र ज्या कारणावरून उमेदवाराला अपात्र ठरवले होते ते कारण निकालात स्पष्टपणे फेटाळले गेले असेल आणि विभागाने तेच पुन्हा पुढे केले असेल, तर तो केवळ दुसरा निर्णय राहत नाही आणि अवमानाची बाजू भक्कम होते. म्हणून नकाराचे पत्र आणि निकाल शेजारी ठेवून, कारण जुने आहे की नवे, हे ओळीओळीने पडताळावे. माझ्या मते या एका तपासणीला दिलेला वेळ पुढच्या सर्व कामापेक्षा मोलाचा आहे.

न्यायालयाचा अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ख) नुसार दिवाणी अवमानासाठी आदेशाचे पालन ‘हेतुपुरस्सर’ टाळलेले असावे लागते. विलंब, संदिग्ध आदेशाचा चुकीचा अर्थ किंवा पालन करण्यातील खरी अडचण एवढ्यावरून हेतू सिद्ध होत नाही. त्यासाठी संबंधित अधिकाऱ्याला आदेशाची माहिती होती हे आधी कागदावर दिसले पाहिजे. आदेशाची प्रत निवेदनासह आवक शाखेत देऊन दिनांकित पोहोच घ्यावी, दुसरी प्रत स्पीड पोस्टने पाठवावी आणि पालनासाठी ठरावीक मुदत मागावी. पुढे वकिलामार्फत नोटीस देणे कायद्याने बंधनकारक नसले तरी हेतू दाखवण्यास ती उपयोगी पडते.

अर्ज कोठे करायचा हे आदेश कोणी दिला यावर ठरते. राज्य सरकारी सेवेतील वाद ऐकणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा, म्हणजे मॅटचा, आदेश असेल तर अर्ज मॅटपुढेच करावा, कारण प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १७ ने त्यास अवमानाचे अधिकार दिले आहेत. उच्च न्यायालयाचा आदेश असेल तर तेथेच अवमान याचिका दाखल होते. महाधिवक्त्यांची, म्हणजे राज्याच्या सर्वोच्च विधी अधिकाऱ्यांची, संमती ही न्यायालयाची बदनामी किंवा न्यायदानात अडथळा अशा फौजदारी अवमानासाठी आहे. आदेशभंगाच्या तक्रारीला ती लागत नाही, हे अनेकांना ठाऊक नसते.

अर्जात केवळ विभागाचे नाव लिहून भागत नाही. पालनाची जबाबदारी असलेल्या त्या काळातील अधिकाऱ्याचे नाव व पदनाम द्यावे, बदली झाली असल्यास कोण कोणत्या तारखेपर्यंत त्या पदावर होते हे नमूद करावे, आणि आदेश, पोहोच, पत्रव्यवहार व तारखांचा तक्ता शपथपत्रासह जोडावा. अधिकाऱ्याला जातीने हजर करण्याची मागणी पहिल्याच तारखेस रेटू नये. ३ जानेवारी २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशा हजेरीबाबत संयमाची कार्यपद्धती घालून दिली आहे.

मुदतीकडे दुर्लक्ष झाल्यास बाकीची तयारी वाया जाते. अवमान अधिनियमाच्या कलम २० नुसार कथित अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत कार्यवाही सुरू व्हावी लागते; अर्जदाराने त्या मुदतीत अर्ज दाखल केला तर पुरेसे आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या पल्लव शेठ प्रकरणात २००१ मध्ये ठरले. आदेशात आठ आठवडे दिले असतील तर ते संपल्यापासून वर्ष मोजावे. स्मरणपत्रे पाठवत राहिल्याने मुदत वाढत नाही. विभागाने अपील केले असल्यास त्यात स्थगिती मिळाली आहे का ते पाहावे. नुसते अपील दाखल होणे म्हणजे स्थगिती नव्हे.

अवमान सिद्ध झाल्यास सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा त्याच अधिनियमाच्या कलम १२ मध्ये आहेत, तसेच माफी स्वीकारून शिक्षा माफही करता येते. प्रत्यक्षात नोटीस निघताच विभाग अनेकदा निर्णयाचे पत्र काढतो. ते पत्र नव्या कारणाने नकार देणारे असेल, तर अवमान अर्जाच्या निकालाची वाट पाहत न बसता त्याला स्वतंत्र अर्जाने आव्हान द्यावे, कारण मॅटमध्ये अंतिम आदेशाविरुद्ध दाद मागण्याची मुदतही एकच वर्षाची आहे आणि ती त्या पत्राच्या तारखेपासून धावू लागते.