जागा मोकळी, तरी पेनड्राइव्हवर चित्रपट जाईना

सात रस्त्याजवळून आणलेला 32 जीबीचा पेनड्राइव्ह जवळजवळ रिकामा होता, तरी ‘फाइल फार मोठी आहे’ असंच येई. कारण फॅट32, म्हणजे ड्राइव्हवर फाइली साठवण्याची एक पद्धत: त्यात एकेक फाइल 4 जीबीच्या आतच हवी. आतलं सगळं आधी संगणकावर उतरवून घेतलं, कारण फॉरमॅट केलं की ते पुसलं जातं. मग ड्राइव्हच्या चिन्हावर राइट क्लिक, फॉरमॅट, आणि पद्धत म्हणून एक्सफॅट, ज्यात मोठी फाइलही मावते. टीव्ही ते वाचत नसेल तर एनटीएफएस ही तशीच दुसरी पद्धत करून पाहावी. कॉपी संपल्यावर ‘इजेक्ट’ केल्याशिवाय ड्राइव्ह ओढू नका. शेवटचा भाग लिहायचा राहतो आणि फाइल बिघडते.

चित्रपट जुना म्हणजे मोफत, असं नाही. भारतात प्रदर्शनाच्या पुढल्या वर्षारंभापासून 60 वर्षं कॉपीराइटचा हक्क राहतो. आणि चित्रपटाच्या नावाखाली ‘.ईएक्सई’ (.exe) फाइल, म्हणजे चित्रपट नव्हे तर प्रोग्रॅम, उतरली, तर न उघडता लगेच पुसा.